ग्रीक पाताळातल्या नद्या: नव्याने वाचायला घेताय तर सुरुवात कुठून करायची

ग्रीक पुराणकथांचा नाद लागला की थोड्याच दिवसात माणूस या नद्यांपाशी येऊन पोचतोच. स्टिक्स, अकेरॉन, कोकिटस, फ्लेगेथॉन, लेथे. नेटवर शोधलं की एक छान रंगीत चित्र मिळतं, पाच नद्या पाच रंगात, मधे पाताळाचा राजा हेडीस याचा महाल, बाजूला यादी की ही द्वेषाची, ही दुःखाची, ही आक्रोशाची, ही आगीची आणि ही विस्मरणाची. मीही ते चित्र सेव्ह केलं होतं. मग मूळ ग्रंथांची भाषांतरं वाचायला घेतली तर काहीच जुळेना, एकीकडे स्टिक्स ही नदी तर दुसरीकडे तेच नाव तळ्याला, नावाडी कधी या पाण्यावर कधी त्या, आणि लेथे नावाची नदी तर होमरकडे मुळात नाहीच. बरेच दिवस मला वाटत होतं की माझंच वाचताना काहीतरी सुटतंय. सुटत काही नव्हतं. ग्रीकांकडे असा एकच पक्का नकाशा कधी नव्हताच, प्रत्येक कवीने आणि तत्त्वज्ञाने आपापलं पाताळ रचलंय, आणि ते चित्र म्हणजे आठ-नऊशे वर्षांचा माल एकाच पिशवीत कोंबलेला आहे.

म्हणून खाली देतेय तो क्रम मला स्वतःला उपयोगी पडला तो आहे. घाई करू नका, एका वेळी एक नदी आणि एकच लेखक.

पायरी 1. कोरी वही घ्या आणि ते चित्र बाजूला ठेवा

वहीत प्रत्येक नदीला दोन-दोन पानं द्या. काहीही लिहिताना समोर दोन गोष्टी लिहायच्याच, हे कोणी सांगितलं आणि साधारण कधी. एवढी एक सवय लागली की निम्मा गोंधळ तिथेच संपतो. काळाचा अंदाज असा धरा: होमर आणि हेसिअड इसवीसनपूर्व 700 च्या आसपास, नाटककार आणि प्लेटो इसवीसनपूर्व पाचवं-चौथं शतक, व्हर्जिल रोमन आहे आणि तो इसवीसनपूर्व 19 मधे वारला, पॉसानिअस हा प्रवासी इसवीसनाच्या दुसऱ्या शतकातला. दान्ते तर थेट चौदाव्या शतकातला इटालियन. हे मुद्दाम सांगतेय कारण गोठलेला कोकिटस आणि उकळत्या रक्ताची फ्लेगेथॉन या दोन्ही गोष्टी दान्तेच्या आहेत आणि लोक त्या बिनधास्त ग्रीक म्हणून शेअर करतात.

अजून एक. आपल्या डोक्यात वैतरणी आधीपासून असते, गरुडपुराण ऐकलेल्या घरातली तर असतेच, त्यामुळे प्रत्येक ग्रीक नदी वाचताना आपण नकळत गाईचं शेपूट शोधायला लागतो. तुलना जरूर करा पण शेवटी करा. आधी त्या नद्या त्यांच्या जागी बघा, कारण पापी माणसाला नदी पार करणं जड जातं ही कल्पना होमरकडे जवळजवळ नाहीये, तिथे अडचण वेगळीच आहे.

पायरी 2. नावं फोडून बघा

ग्रीक नावं बोलकी असतात. स्टिक्स हे तिरस्कार करणे या क्रियापदाशी जोडलेलं, म्हणजे नकोशी, बघूनच अंगावर काटा येईल अशी. अकेरॉनचा संबंध ग्रीक लोक आखोस म्हणजे दुःख या शब्दाशी लावायचे. कोकिटस म्हणजे मयतावर हंबरडा फोडतात तो. फ्लेगेथॉनचं पूर्ण नाव पिरिफ्लेगेथॉन, त्यात पिर म्हणजे आग, आगीने धगधगणारी. लेथे म्हणजे विसर. आता ही नावं ओळीने वाचा, नकोसं वाटणं, दुःख, हंबरडा, चिता, आणि मग विसर. घरात कोणी गेलं की मागे राहिलेल्यांचं जे होतं तेच हे आहे. हा क्रम मी लावलाय, कोणत्या ग्रंथात असा दिलेला नाही, पण लक्षात ठेवायला याहून सोपी युक्ती मला अजून सापडलेली नाही.

उच्चारांचं फार टेन्शन घेऊ नका, इंग्रजी व्हिडिओत लीथी ऐकू येईल, ग्रीकच्या जवळ लेथे आहे, दोन्ही चालतं.

पायरी 3. ओडिसीतल्या तीन ओळी

वाचनाची सुरुवात इथून. ओडिसी म्हणजे ट्रॉयच्या युद्धाहून घरी निघालेल्या ओडिसिअसचं होमरने रचलेलं महाकाव्य, त्याचा दहावा सर्ग, 513 ते 515 या ओळी. पर्सियस नावाच्या ऑनलाइन ग्रंथालयात ग्रीक मूळ आणि इंग्रजी भाषांतर फुकट आहे. चेटकीण सर्सी ओडिसिअसला वाट सांगतेय, की ओकेआनोस, म्हणजे पृथ्वीला वेढणारी मोठी नदी, ओलांड, पाताळाच्या राणीची, पर्सेफोनीची राई लागेल, उंच पॉप्लर आणि फळं गळून पडणारी विलोची झाडं असतील, तिथे नाव सोड. पुढे अकेरॉनमधे पिरिफ्लेगेथॉन येऊन मिळते आणि कोकिटसही, जी स्टिक्सच्या पाण्याचीच एक फाटलेली धार आहे, आणि दोन गरजणाऱ्या नद्यांच्या संगमावर एक खडक आहे. झालं. पाताळातल्या नद्यांचा होमरचा भूगोल एवढाच.

पण त्यानंतर ती जे करायला सांगते ते नीट वाचा. त्या खडकाजवळ हातभर लांब हातभर रुंद खड्डा खणायचा, त्याच्या भोवती आधी मध घातलेलं दूध ओतायचं, मग गोड दारू, मग पाणी, वरून जवाचं पांढरं पीठ भुरभुरायचं, आणि एक मेंढा आणि एक काळी मेंढी कापून रक्त त्या खड्ड्यात सोडायचं. अकराव्या सर्गात ओडिसिअस हे सगळं करतो आणि तलवार उपसून खड्ड्यापाशी बसतो, कारण मेलेल्यांचे आत्मे रक्तासाठी गर्दी करून येतात. त्यात त्याची आई अँटिक्लिआ असते. तो ट्रॉयला निघाला तेव्हा ती जिवंत होती, त्यामुळे ती गेलीये हेच त्याला इथे कळतं. ती समोर बसलेली असते आणि मुलाला ओळखत नाही, रक्त प्यायल्यावर ओळखते. मग तो तिला तीनदा मिठी मारायला जातो आणि तिन्ही वेळा ती सावलीसारखी हातातून निसटते.

आता हे वहीत लिहा: ओडिसिअस या चारपैकी एकही नदी ओलांडत नाही. तो अलीकडेच बसतो, मेलेले त्याच्याकडे येतात. आणि नावाडी कुठेच नाहीये! कॅरन हे नाव होमरकडे नाही, हेसिअडकडेही नाही. नदी ओलांडायची अडचण येते ती इलियडच्या 23व्या सर्गात, लढाईत मेलेल्या पॅट्रोक्लसचा आत्मा त्याच्या जिवलग मित्राच्या, अकिलीसच्या स्वप्नात येऊन म्हणतो की मला लवकर अग्नी दे, बाकीचे आत्मे मला नदीपलीकडे त्यांच्यात मिसळू देत नाहीयेत. नदीचं नाव तो सांगत नाही. पण अडवणूक कशावरून आहे ते बघा, त्याने पाप केलं म्हणून नाही, घरच्यांनी अजून क्रियाकर्म केलं नाही म्हणून.

पायरी 4. स्टिक्स, आणि हिला जास्त वेळ द्या

स्टिक्स म्हणजे नावाड्याची नदी असं डोक्यात बसलेलं असतं, ते काढून टाका. जुन्या ग्रंथांमधे ती सगळ्यात आधी शपथेची नदी आहे. हेसिअडच्या थिओगनीमधे ती ओकेआनोसची थोरली लेक, एक देवी. देवांचा राजा झ्यूसने टायटनांशी, म्हणजे आधीच्या पिढीतल्या देवांशी, युद्ध पुकारलं तेव्हा सगळ्यात आधी त्याच्या बाजूने जाऊन उभी राहिली ती हीच, आणि आपली चार मुलं घेऊन गेली, झेलस, नायके, क्रॅटोस आणि बिआ, म्हणजे ईर्ष्या, विजय, ताकद आणि जबरदस्ती. त्याची परतफेड म्हणून झ्यूसने ठरवलं की इथून पुढे देवांची मोठी शपथ हिच्या नावाने.

ही शपथ कशी चालते तेही हेसिअड देतो, आणि मला पूर्ण थिओगनीत हा भाग सगळ्यात जास्त आवडतो. देवांमधे भांडण झालं आणि कोणीतरी खोटं बोलतंय असा संशय आला की झ्यूस आपल्या दूतीला, आयरिसला पाठवतो, ती सोन्याच्या सुरईतून ते पाणी घेऊन येते, उंच कड्यावरून खाली पडणारं गारठलेलं पाणी. ओकेआनोसच्या एकूण पाण्याचा दहावा हिस्सा हिच्या वाट्याला आलाय. ते पाणी ओतून जो देव खोटी शपथ घेईल तो एक वर्ष श्वासाशिवाय, आवाजाशिवाय पडून राहतो, ना अमृत ना अन्न. ते वर्ष संपलं की पुढची नऊ वर्षं देवांच्या सभेत नाही, जेवणावळीत नाही. दहाव्या वर्षी परत घेतात. अमर देवाला मरण देता येत नाही, तर मरणाच्या जवळात जवळ काय देता येईल ते या पाण्याने दिलं जातं! पाताळातली नदी देवांच्या शपथेला का, याचं उत्तर मला इथे मिळालं.

मग अकिलीसची टाच? आईने बाळाला स्टिक्समधे बुडवलं, टाच धरली होती तेवढी कोरडी राहिली, ही गोष्ट आपण शाळेपासून ऐकतो. होमरकडे ती नाही. ती लिखित स्वरूपात आपल्याला पहिल्यांदा मिळते रोमन कवी स्टेशिअसकडे, इसवीसनाच्या पहिल्या शतकात, म्हणजे होमरनंतर जवळपास आठशे वर्षांनी. गोष्ट खोटी असं म्हणत नाहीये मी, पुराणकथेत खोटं काय आणि खरं काय, पण वहीत ती स्टेशिअसच्या नावापुढे लिहायची.

पायरी 5. अकेरॉन आणि नावाडी

कॅरनला, म्हणजे मेलेल्यांना पलीकडे नेणाऱ्या नावाड्याला, भेटायचं तर ॲरिस्टोफनीसचं बेडूक हे नाटक वाचा, इसवीसनपूर्व 405 मधलं. नाटकांचा देव डायोनायसस मेलेल्या कवीला परत आणायला पाताळात निघालाय. इथे नदी नाही, एक अथांग तळं आहे. भाडं दोन ओबल, म्हणजे दोन छोटी नाणी. कॅरन एखाद्या एसटी कंडक्टरसारखा स्टॉपची नावं ओरडतोय आणि त्यात लेथेचं मैदानही आहे. डायोनायससच्या गुलामाला, झँथिअसला तो नावेत घेतच नाही, कारण आदल्या वर्षीच्या आरमारी लढाईत जे गुलाम लढले त्यांनाच सवलत, मग तो बिचारा सामान घेऊन तळ्याला वळसा घालून पळत जातो. आणि देव असून डायोनायससला स्वतः वल्हवावं लागतं, भोवती बेडूक ब्रेकेकेकेक्स कोआक्स कोआक्स करत गातायत. गंभीर विषयात असं नाटक का वाचायचं असं वाटेल, पण अथेन्सच्या साध्या प्रेक्षकाला कॅरन, नाव आणि भाडं इतकं ओळखीचं होतं की त्यावर विनोद करता येत होता, हे यातून कळतं आणि ते कुठल्याही यादीतून कळणार नाही.

मेलेल्याच्या तोंडात नाणं ठेवायची पद्धत खरी आहे, उत्खननात सापडलंय. पण सगळ्या थडग्यात नाही, आणि दर वेळी तोंडातही नाही, कधी हातात कधी बाजूला. आपल्याकडे तोंडात गंगाजल आणि तुळशीपान ठेवतात ते आठवतं.

त्याच काळातल्या अथेन्सच्या पांढऱ्या लेकिथोसचे फोटो जरूर बघा, लेकिथोस म्हणजे तेलाची उंच निमुळती कुपी, ती थडग्याशी ठेवायचे. त्यावरचा कॅरन राक्षस नाहीये. कामगाराची टोपी, आखूड कपडे, हातात लांब बांबू, काठाशी नाव लावून समोरच्या माणसाची वाट बघत उभा आहे. भयानक डोळ्यांचा, घाणेरड्या दाढीचा कॅरन नंतर व्हर्जिलने रंगवला.

व्हर्जिलच्या ईनिड या महाकाव्याचा सहावा सर्ग हा या पायरीचा दुसरा भाग. पाचही नद्यांची नावं एकाच सर्गात हवी असतील तर ती इथे मिळतात, म्हणूनच नेटवरची बरीच चित्रं मुळात व्हर्जिलची असतात. ज्यांचं दफन झालं नाही त्यांनी काठावर शंभर वर्षं भटकायचं हा नियम त्याचा. पानगळीत पानं गळावीत तसे आत्मे काठावर येतायत आणि पलीकडच्या काठाकडे हात पसरून उभे आहेत, हा तुकडा हळूहळू वाचा. मग काव्याचा नायक ईनिअस नावेत बसतो, जिवंत माणूस, वजनदार, आणि ती शिवलेली नाव करकरते, फटीतून पाणी आत येतं. आत्म्यांना वजन नसतं हे सांगायला व्हर्जिलने ती एक करकर पुरवलीये.

पायरी 6. कोकिटस आणि फ्लेगेथॉन जोडीने वाचा

या दोघींबद्दल वेगवेगळं फार काही मिळत नाही, त्यामुळे एकत्रच करा, आणि प्लेटोच्या फीडोमधे करा. प्रसंग कुठला आहे ते लक्षात असू द्या. इसवीसनपूर्व 399, सॉक्रेटिसचा शेवटचा दिवस, संध्याकाळी विषाचा पेला यायचाय आणि तो मित्रांना पृथ्वीच्या पोटातल्या नद्या समजावून सांगतोय. त्याच्या मते पिरिफ्लेगेथॉन आगीच्या प्रदेशात शिरते, तिथे चिखल आणि पाणी उकळणारं तळं बनवते, आणि जमिनीवर जिथे जिथे लाव्हा बाहेर येतो तो तिचाच फाटा. कोकिटस तिच्या उलट्या दिशेने वेटोळे घेत जाते, तिचा प्रदेश निळाकाळा, आणि वाटेत तिचं जे तळं होतं ते स्टिक्स. म्हणजे इथे स्टिक्स तळं झालं, वहीत नोंद करा.

यानंतरचा भाग मात्र मी विसरू शकत नाही. रागाच्या भरात कोणाला मारलं किंवा आईबापावर हात उगारला आणि नंतर जन्मभर पश्चात्ताप केला, अशा लोकांना टार्टरसमधे, म्हणजे पाताळाच्या सगळ्यात खोल खाईत, टाकतात. वर्षाने लाट त्यांना बाहेर फेकते, खुन्यांना कोकिटसमधून आणि आईबापावर हात उगारणाऱ्यांना पिरिफ्लेगेथॉनमधून. वाहत वाहत ते अकेरुसिअन तळ्याशी येतात, तिथे ज्यांचा अपराध केला ती माणसं असतात, आणि हे प्रवाहातून ओरडून हाका मारतात की आम्हाला बाहेर येऊ द्या, आम्हाला घ्या. त्यांनी घेतलं तर सुटका. नाही घेतलं तर परत टार्टरस, परत नदी, परत त्याच हाका, जोवर ती माणसं तयार होत नाहीत तोवर. माफ करायचं की नाही हे कुठल्या देवाच्या हातात नाही, ज्याला दुखावलं त्याच्या हातात आहे.

आणि हे सगळं सांगून झाल्यावर सॉक्रेटिस म्हणतो की हे अगदी असंच आहे असा हट्ट शहाण्या माणसाने धरू नये. नकाशा जुळत नाही म्हणून वैतागलात की हे वाक्य काढून वाचा.

पायरी 7. लेथे सगळ्यात शेवटी

लेथे शेवटी ठेवा, कारण ती बाकीच्यांपेक्षा वेगळी आहे, तिच्यात पुनर्जन्म आहे. प्लेटोच्या रिपब्लिकच्या दहाव्या भागात एर नावाच्या सैनिकाची गोष्ट आहे, लढाईत मेला आणि बाराव्या दिवशी चितेवर उठून बसला. त्याने पाहिलं ते असं, आत्मे नवा जन्म निवडतात, मग लेथेच्या रखरखीत मैदानातून चालत जातात, झाड नाही काही नाही, संध्याकाळी नदीकाठी मुक्काम. नदीचं नाव इथे अमेलिस, बेफिकिरी. तिचं पाणी कुठल्याच भांड्यात टिकत नाही. प्रत्येकाला थोडं प्यावंच लागतं, पण ज्यांना विवेक नाही ते तहानेने जास्त पितात, आणि प्यायलं की सगळं विसरतं. मध्यरात्री गडगडाट होतो आणि सगळे उल्का पडाव्यात तसे जन्माकडे भिरकावले जातात. एरला तेवढं प्यायला दिलं नव्हतं.

मग विसरायचं नसेल तर काय करायचं, याची सोय काही ग्रीकांनी खरोखर केली होती. दक्षिण इटलीत आणि ग्रीसमधे काही थडग्यांत सोन्याचे छोटे पातळ पत्रे सापडलेत, त्यावर बारीक अक्षरात मेलेल्यासाठी सूचना कोरलेल्या. हिपोनिअनचा पत्रा इसवीसनपूर्व 400 च्या आसपासचा, तो एका बाईच्या थडग्यात मिळाला. मजकूर साधारण असा: हेडीसच्या घराशी एक झरा दिसेल, त्याच्याजवळ पांढरा सायप्रस उभा असेल, त्या झऱ्याच्या जवळपासही जाऊ नकोस. पुढे स्मृतीच्या तळ्यातून येणारं गार पाणी आहे, तिथे राखणदार आहेत, ते विचारतील, त्यांना सांग की मी पृथ्वीचं आणि ताऱ्यांनी भरलेल्या आकाशाचं लेकरू, तहानेने जीव चाललाय, मला पाणी द्या. हिपोनिअनच्या पत्र्यात तो टाळायचा झरा उजवीकडे सांगितलाय आणि पेटेलिआच्या पत्र्यात डावीकडे. म्हणजे ज्यांच्यासाठी हा जिवामरणाचा प्रश्न होता त्यांच्यातही नकाशा एक नव्हता, पण घरच्यांनी सोनं घेऊन, त्यावर ते वाक्य कोरून, बरोबर दिलं, अंधारात तहान लागल्यावर चुकू नये म्हणून.

पायरी 8. जमलं तर खऱ्या नद्या

आपली वैतरणी पुराणातही आहे आणि विरार-पालघरकडे लोकलमधून दिसतेही, तसंच यांचंही आहे. अकेरॉन ग्रीसच्या वायव्येला एपिरसमधे वाहते आणि अमूडिआ गावाशी आयोनियन समुद्राला मिळते. पॉसानिअसला वाटायचं की होमरने हाच भाग बघून पाताळातल्या नद्यांना नावं दिली. इथेच मेलेल्यांना कौल लावायचं ठिकाण होतं. हेरोडोटस सांगतो, कोरिंथच्या पेरिअँडरने मेलेल्या बायकोला, मेलिसाला, एक ठेव कुठे ठेवलीये हे विचारायला इथे माणसं पाठवली, तर ती म्हणाली सांगणार नाही, मला थंडी वाजतेय, माझ्यासोबत कपडे पुरले पण जाळले नाहीत त्यामुळे ते मला मिळालेच नाहीत. मेसोपोटामोस गावाजवळच्या टेकडीवर 1958 पासून उत्खनन झालं आणि तेच ते ठिकाण असं जाहीर झालं, नंतर काही अभ्यासकांनी तिथले लोखंडी भाग हे दगडफेकी यंत्राचे आणि इमारत तटबंदीच्या वाड्यासारखी आहे असं दाखवलं, तेव्हा गाईड काय सांगतो ते ऐकताना हे माहीत असलेलं बरं.

स्टिक्स पेलोपोनीसमधे केलमॉस डोंगरात दाखवतात. आजचं नाव माव्रोनेरी, काळं पाणी, जवळपास 200 मीटरच्या कड्यावरून पडणारी बारीक धार. पॉसानिअसने लिहून ठेवलंय की हे पाणी काच, मातीची भांडी, धातू सगळं फोडतं, टिकतं फक्त घोड्याच्या खुरात, आणि अलेक्झांडरला यानेच विष दिलं अशी अफवाही त्याने ऐकली होती. तिथवर चढून जायला जमलं तर जाताना हेसिअडच्या त्या ओळी बरोबर असू द्या, उंच कडा, वरून पडणारं गार पाणी. आणि ते जमत नसेल तर अकेरॉनच्या झऱ्यांपाशी, ग्लिकी गावाजवळ, लोक उन्हाळ्यात गुडघाभर पाण्यात उतरून घळीतून चालत वर जातात, पायात चांगले सँडल घाला, तळाशी गोटे आहेत आणि पाणी ऐन उन्हाळ्यातही बर्फासारखं लागतं.